आरमार कोणाचें? : दोन जर्मन बंदरांची साक्ष

राष्ट्राच्या सामर्थ्याचें माप त्याच्या आरमारावरून घेण्याची रीत फार जुनी आहे. बंदरांत नांगरलेल्या युद्धनौकांची रांग पाहिली म्हणजे पाहणाराची छाती अभिमानानें फुगते. परंतु ह्या नौकांस लागलेला पैसा कोणाच्या संमतीनें खर्च झाला, आणि उद्यां त्या कोणाच्या हुकुमानें समुद्रांत लोटल्या जाणार, हे प्रश्न त्या क्षणीं कोणास सुचत नाहींत. हे प्रश्न वेळेवर न विचारल्यास काय अनर्थ होतो, ह्याची साक्ष जर्मनीच्या कील आणि विल्हेल्म्सहाफेन ह्या दोन बंदरांइतकी स्पष्ट इतरत्र क्वचितच मिळेल. हिंदुस्थानचें आरमार आज वाढत आहे, व तें वाढावें अशीच आमची इच्छा आहे. म्हणूनच ह्या दोन बंदरांची हकीकत आज वाचकांपुढें मांडणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

जर्मनांचें पहिलें राष्ट्रीय आरमार कोणा राजानें उभारलेलें नव्हतें, ही गोष्ट प्रथम ध्यानांत घेतली पाहिजे. १८४८ सालीं जर्मनी नांवाचें एक राज्य अस्तित्वांत नव्हतें. लहानमोठीं सुमारें चाळीस राज्यें एका सैल संघांत कशीबशी बांधलेलीं होतीं. श्लेस्विग व होल्स्टाइन ह्या प्रांतांवरून डेन्मार्कशीं युद्ध जुंपलें, तेव्हां त्या चिमुकल्या देशाच्या जहाजांनीं जर्मन नद्यांचीं मुखें अडवून धरिलीं, आणि हँबुर्ग-ब्रेमेनच्या धनाढ्य व्यापाऱ्यांस हात चोळीत बसावें लागलें. तेव्हां फ्रँकफुर्ट येथें भरलेल्या लोकनियुक्त राष्ट्रसभेनें १४ जून १८४८ रोजीं आरमारासाठीं ६० लाख थालर मंजूर केले. ग्रीसच्या आरमारांत अनुभव घेतलेला ब्रोमी हा त्याचा सरदार झाला, आणि पुढील वर्षीं हेल्गोलंड बेटाजवळ ह्या नव्या आरमारानें डॅनिश जहाजांशीं दोन हातही केले. परंतु सभेजवळ इच्छा होती, तिजोरी नव्हती. मोठ्या राज्यांनीं आपापला हिस्सा देण्याची टाळाटाळ केली. १८४९ सालीं राजसत्तांनीं सभाच मोडून टाकिली. आणि १८५२ सालीं संघमंडळानें आरमार बरखास्त करण्याचा ठराव केला. कांहीं जहाजें प्रशियानें घेतलीं, उरलेलीं लिलावांत गेलीं. ज्या राष्ट्रांत लोकसभेच्या हातीं पैसा नाहीं, त्या राष्ट्रांत लोकांचें आरमार चार वर्षेंही टिकत नाहीं, हा ह्या इतिहासांतील पहिला धडा होय.

ह्यापुढें आरमार उभारण्याचें काम प्रशियाच्या राजानें हातीं घेतलें. प्रशियाचा समुद्रकिनारा सगळा बाल्टिककडचा. उत्तर समुद्रावर त्यास पाय ठेवण्यास जागा नव्हती. म्हणून १८५३ सालीं ओल्डेनबुर्गच्या राज्यापासून याडे उपसागराच्या कांठचा एक चिखलाचा तुकडा त्यानें ५ लाख थालरांस विकत घेतला. भरतीओहोटीशीं झगडत, हिवतापानें मजूर आजारी पडत असतां, सोळा वर्षें खपून तेथें गोद्या व बंदर बांधण्यांत आलें, आणि १७ जून १८६९ रोजीं राजा विल्हेल्म ह्याच्या हस्तें त्याचें विल्हेल्म्सहाफेन असें नामकरण झालें. दुसरें बंदर कील. हें निसर्गानेंच दिलेलें. समुद्राचा खोल फांटा जमिनींत शिरून तेथें आयताच आडोसा झालेला आहे. डेन्मार्कशीं दुसरें युद्ध झाल्यावर १८६५ सालीं प्रशियानें आपलें बाल्टिकमधील ठाणें डान्झिगहून येथें हलविलें. १८७१ सालीं साम्राज्य स्थापन झालें, तेव्हां त्याच्या घटनेच्या ५३ व्या कलमांत हीं दोन्हीं बंदरें साम्राज्याचीं युद्धबंदरें म्हणून नांवानिशीं नमूद करण्यांत आलीं. राज्यघटनेंत बंदरांचीं नांवें यावींत, हें विरळाच घडतें.

ह्या दोहोंच्या मध्यें डेन्मार्कचें द्वीपकल्प आडवें पडलेलें असल्यामुळें आरमाराचे दोन तुकडे होत. तो दोष काढण्यासाठीं १८८७ ते १८९५ पर्यंत सुमारें ९८ किलोमीटर लांबीचा कालवा खणण्यांत आला; त्यास १५ कोटि ६० लाख मार्क लागले. त्याच सुमारास, १८९० सालीं, पूर्व आफ्रिकेंतील हक्कांचा मोबदला म्हणून इंग्लंडकडून हेल्गोलंड बेटही मिळालें. येथवर ज्याची निंदा करावी असें कांहीं नाहीं. आपल्या किनाऱ्याचें रक्षण करणें हा प्रत्येक राष्ट्राचा हक्क आहे.

अनर्थाचें बीज पेरलें गेलें तें गोदींत नव्हे, तर कायद्यांत. साम्राज्याच्या घटनेप्रमाणें राइखस्टाग हें कायदेमंडळ पुरुषांच्या सार्वत्रिक मतदानानें निवडलें जाई खरें; परंतु मुख्य प्रधान त्यास जबाबदार नसे. त्यास नेमणारा व काढणारा एकटा कैसर. आरमाराचें आधिपत्यही, वर सांगितलेल्या त्याच ५३ व्या कलमानें, कैसराकडे. लोकप्रतिनिधींच्या हातीं उरली होती ती एकच दोरी, आणि ती म्हणजे दरसालच्या अंदाजपत्रकाची मंजुरी. १८९७ सालीं आरमारखात्याचा कारभार ॲडमिरल टिर्पिट्झ ह्याच्याकडे आला, आणि ही दोरी कशी कापावी ह्याची युक्ति त्यानें शोधून काढिली.

ती युक्ति कायदेपंडितांनीं बारकाईनें पाहण्याजोगी आहे. अंदाजपत्रक एका वर्षापुरतें असतें. दुसऱ्या वर्षीं तें नामंजूर करतां येतें. कायदा मात्र रद्द होईपर्यंत चालतो, आणि तो रद्द करण्यास कैसराच्या बाजूच्या वरिष्ठ मंडळाचीही संमति लागते. म्हणून टिर्पिट्झनें जहाजांसाठीं पैसे न मागतां जहाजांची संख्याच कायद्यानें ठरवून मागितली. १८९८ च्या कायद्यानें १९ मोठ्या युद्धनौका ठरल्या. शिवाय इतक्या वर्षांनीं जुनें जहाज काढून नवें बांधलेंच पाहिजे, असें कलम त्यांत घातलें. ह्या कायद्यांत खर्चास कमाल मर्यादा तरी होती. १९०० च्या कायद्यानें ही संख्या ३८ केली, आणि ती मर्यादाही नाहींशी झाली. १९०८ सालीं युद्धनौकेचें आयुष्य २५ वर्षांवरून २० वर्षांवर आणिलें. म्हणजे एकूण आंकडा न वाढवितां दरसाल बांधावयाच्या नौका वाढल्या. ऑयगेन रिख्टर व बेबेल ह्यांच्यासारख्या सभासदांनीं विरोध केला, पण बहुमत त्यांच्या बाजूस नव्हतें. बाहेर आरमारसंघाच्या सभा, व्याख्यानें व चित्रें ह्यांनीं देश दुमदुमून गेला होता, आणि जो हिशेब विचारी तो देशद्रोही ठरे. ज्या सभेचें एकमेव शस्त्र पैशाची मंजुरी हें होतें, तिनें तें शस्त्र टाळ्यांच्या गजरांत स्वत:च्या हातानें म्यान केलें.

ह्याचें फळ लवकरच दिसून आलें. इंग्लंडनें १९०६ सालीं ड्रेडनॉट ही अजस्र युद्धनौका पाण्यांत सोडिली. जर्मनीसही तसलीं जहाजें बांधणें प्राप्त झालें. आणि तीं कालव्यांत मावेनात म्हणून बारा वर्षेंही न झालेला तो कालवा १९०७ पासून पुन: रुंद करावा लागला. तें काम १९१४ च्या जूनमध्यें, म्हणजे महायुद्धाच्या उंबरठ्यावर, पुरें झालें. करांच्या वादांत १९०९ सालीं मुख्य प्रधान ब्यूलो ह्यास जावें लागलें, पण आरमाराचा कायदा जागचा हलला नाहीं. पूर्वेकडेही चीनमधील चिंगताओ बंदर १८९८ सालीं ९९ वर्षांच्या पट्ट्यानें घेतलें होतें. तेथील ताफ्यांतील एम्डन ह्या जहाजानें २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्रीं मद्रासेंतील तेलाच्या टाक्यांवर तोफा डागल्या, ही गोष्ट आमच्या देशांत दीर्घकाळ आठवणींत राहिली. परंतु ७ नोव्हेंबरास चिंगताओ जपानच्या हातीं पडलें, आणि ९ नोव्हेंबरास कोकोस बेटांपाशीं एम्डनचाही शेवट झाला. ९९ वर्षांच्या पट्ट्यावर ताबा टिकला तो १६ वर्षें.

इकडे ज्या प्रचंड आरमारासाठीं एवढी पराकाष्ठा केली, तें युद्धाचा बहुतेक काळ विल्हेल्म्सहाफेनांत नांगर टाकून पडून राहिलें. ३१ मे १९१६ रोजीं युटलंडजवळ एकच मोठी लढाई झाली. इंग्लंडचीं १४ जहाजें बुडालीं, जर्मनीचीं ११; इंग्लंडचे ६,०९४ लोक मेले, जर्मनीचे २,५५१. आंकडे जर्मनीच्या बाजूचे. पण दुसऱ्या दिवशीं समुद्र पूर्वीप्रमाणेंच इंग्लंडच्या ताब्यांत होता आणि जर्मन आरमार पूर्वीप्रमाणेंच बंदरांत. तेथें खलाशांस निकृष्ट अन्न मिळे, अधिकाऱ्यांस निराळें ताट असे. १९१७ च्या ऑगस्टांत खलाशांनीं तक्रार केली, तेव्हां आल्बिन क्योबिस व माक्स राइखपीच ह्या दोघां तरुणांस ५ सप्टेंबर रोजीं गोळ्या घालण्यांत आल्या.

आतां १९१८ च्या ऑक्टोबरकडे पाहावें. पराभव स्पष्ट झाला होता, आणि नव्या सरकारनें तहाचें बोलणें सुरू केलें होतें. २८ ऑक्टोबर रोजीं घटना दुरुस्त होऊन मुख्य प्रधान प्रथमच लोकसभेस जबाबदार झाला. त्याच आठवड्यांत नौसेनापतींनीं त्या प्रधानास न कळवितां सबंध आरमार इंग्लंडवर शेवटच्या लढाईस नेण्याचा बेत केला. आरमाराची अब्रू राखावी म्हणून हजारों माणसांचे प्राण पणास लावावयाचे, हा त्यांतील आशय खलाशांनीं ओळखला. २९ ऑक्टोबरच्या रात्रीं विल्हेल्म्सहाफेनाबाहेर त्यांनीं भट्ट्या विझवून हुकूम मानण्याचें नाकारिलें. बंड मोडावें म्हणून एक ताफा कालव्यांतून कीलला पाठविला. पण त्या कालव्यांतून जहाजांबरोबर बंडही कीलला पोंचलें. ३ नोव्हेंबर रोजीं तेथें मिरवणुकीवर गोळीबार झाला, ४ तारखेस शहर खलाशांच्या ताब्यांत गेलें, आणि ९ तारखेस कैसराचें सिंहासन कोसळलें. ज्या आरमारावर सिंहासनाची शोभा अवलंबून होती, त्याच आरमारानें त्याचा पाया उखडला. खलाशांनीं शिस्त मोडिली हें खरें. परंतु लोकनियुक्त सरकाराची आज्ञा सेनापतींनीं अगोदर मोडिली होती, हें विसरून चालणार नाहीं.

उरलेली कथा थोडक्यांत सांगतां येईल. शत्रूच्या पहाऱ्यांत स्कापा फ्लो येथें ठेवलेल्या ७४ जहाजांपैकीं ५२ जहाजें जर्मन खलाशांनीं २१ जून १९१९ रोजीं स्वत:च बुडविलीं. तहानें जर्मनीस सहा जुन्या युद्धनौका व १५,००० माणसें ठेवण्याची मुभा राहिली. पाणबुडी एकही नाहीं. १९३३ च्या मार्चांत लोकसभेनें आपले सर्व अधिकार हिटलरच्या सरकारास देऊन टाकिले, तेव्हां टिर्पिट्झच्या युक्तीचीही गरज उरली नाहीं. हिशेब विचारणारा कोणी शिल्लकच नव्हता. त्या युद्धांत पाणबुड्यांवर गेलेल्या सुमारें ४० हजार जर्मनांपैकीं जवळजवळ तीन चतुर्थांश परत आले नाहींत. ह्याच काळांत, १९४३ च्या फेब्रुवारींत, नेताजी सुभाषचंद्र बोस हे कीलहून पाणबुडींत बसून पूर्वेकडे निघाले आणि मादागास्करजवळ जपानी पाणबुडींत चढले. त्यांच्या धाडसास आम्ही वंदन करतों. परंतु ज्या राज्याची ती पाणबुडी होती, त्यानें स्वत:च्या प्रजेस गुलाम केलें होतें, हें सांगणेंही आमचें कर्तव्य आहे. १९४५ सालीं दोन्हीं बंदरें बाँबवर्षावानें उद्ध्वस्त झालेलीं होतीं, आणि १९४७ सालीं इंग्रजांनीं हेल्गोलंडची तटबंदी हजारों टन दारूनें उडवून दिली.

१९५६ सालीं पश्चिम जर्मनीनें पुन: आरमार उभारिलें. त्याचींही प्रमुख ठाणीं हींच दोन बंदरें. पण कायदा निराळा. युगोस्लाव्हियाच्या युद्धकाळीं ॲड्रियाटिक समुद्रांत जर्मन युद्धनौका पहाऱ्यावर गेल्या, तेव्हां सरकारास हा अधिकार आहे काय, असा वाद घटना-न्यायालयापुढें आला. १२ जुलै १९९४ रोजीं न्यायालयानें निकाल दिला कीं, सशस्त्र सैन्य परदेशीं धाडावयाचें तर सामान्यत: लोकसभेची पूर्वसंमति घेतलीच पाहिजे. २००५ सालीं तसा कायदाही झाला, आणि २००८ पासून सोमालियाच्या किनाऱ्यावरील चांचेगिरीविरुद्ध जर्मन नौका गेल्या त्या लोकसभेच्या मतानेंच. विशेष हें कीं, हें आरमार आपला जन्मदिवस कोणा सम्राटाच्या मुहूर्ताचा मानीत नाहीं. तें १४ जून १८४८ ह्या, राष्ट्रसभेनें पैसे मंजूर केले त्या, दिवसाचें स्मरण करतें.

आतां स्वत:च्या घराकडे वळूं. १९८१ च्या करारानें आमच्या आरमारासाठीं शिशुमार व शंकुश ह्या दोन पाणबुड्या कील येथें बांधल्या गेल्या, आणि त्याच नमुन्याच्या शाल्की व शंकुल ह्या मुंबईच्या माझगांव गोदींत आमच्या कारागिरांनीं बांधल्या. कीलपासून ही विद्या आम्ही घेतली. दुसरी विद्या घेतली काय? योगायोग असा कीं, आमच्या घटनेचेंही ५३ वें कलमच सैन्याचें सर्वोच्च आधिपत्य राष्ट्रपतींस देतें. पण तें कायद्यानें नियंत्रित असेल, असें बजावून देतें. पैशाची मंजुरी लोकसभेकडे. कागदावर सर्व ठीक. परंतु २०१८ सालीं, आणि पुन: २०२३ सालीं, आमच्या लोकसभेनें सर्व खात्यांच्या मागण्या, संरक्षणखात्याच्याही, चर्चेवांचून एकदम मंजूर केल्या. राइखस्टागनें निदान वाद करून आपला हक्क गमावला. आमचे प्रतिनिधि तर वादही न करतां तो सोडून देतात!

आरमार हवें, बळकट हवें, आणि आपल्याच गोदींत बांधलेलें हवें, ह्याविषयीं दुमत नाहीं. पण प्रत्येक रुपयाचा हिशेब प्रतिनिधींनीं उघड सभेंत मागावा, आणि जो मागेल त्यास देशद्रोही म्हणण्याची लाज वाटावी, एवढी शिस्त प्रथम आमच्या अंगीं आली पाहिजे. पुढल्या खेपेस आपल्या मतदारसंघाचे सभासद दाराशीं येतील तेव्हां वाचकांनीं त्यांस एकच प्रश्न करावा: संरक्षणाची मागणी मंजूर झाली त्या दिवशीं आपण काय बोललां?