चवीमागची निष्ठा

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील मालवण तालुक्यात, गड नदीच्या काठी मसुरे हे गाव वसलेले आहे. माडांच्या बागा, भाताची शेते आणि भरतगडाचा जुना किल्ला ही या गावाची शोभा. आंगणेवाडी ही याच गावाची एक वाडी. तेथील भराडी देवीच्या जत्रेला दरवर्षी लाखो लोक येतात. जत्रेची तिथी पंचांगावरून ठरत नाही. देवीचा कौल घेऊन ती निश्चित केली जाते.

जत्रेच्या दिवशी मंदिराभोवती माणसांचा कल्लोळ असतो. आंगणे कुटुंबांच्या स्वयंपाकघरांत मात्र शांतता असते. तेथील स्त्रिया उपवास करून व मौन पाळून देवीच्या प्रसादाचे अन्न रांधतात. रात्री ती ताटे देवीपुढे मांडली जातात आणि मग भक्तांना प्रसाद मिळतो. रांधताना एक शब्दही बोलायचा नाही, हा नियम पाळणे सोपे नाही. पण जेथे जीभ स्तब्ध असते, तेथे डोळे आणि हात अधिक सावध होतात.

ही सावधानता मालवणी स्वयंपाकाला नेहमीच लागते. वड्यांसाठी तांदूळ, उडीदडाळ, मेथी व धणे यांचे पीठ अगदी बारीक न दळता किंचित भरड ठेवतात. ते मळून काही तास झाकून ठेवले, तरच वडा फुगतो. वाटपासाठी नारळ किसून तांबूस होईपर्यंत भाजावा लागतो. तो करपला तर कालवण कडवट होते; कमी भाजला तर कच्चट लागते. सोलकढीची तयारी तर उन्हाळ्यातच सुरू होते. पिकलेली कोकमे फोडून त्यांच्या साली मीठ घातलेल्या कोकमाच्याच रसात भिजवतात व उन्हात वाळवतात. हा क्रम अनेकदा केल्यावर आमसुले तयार होतात. यांपैकी कोणतेही काम घाईने होत नाही.

अस्सल चव म्हणजे केवळ गावातच पिकलेल्या जिन्नसांची चव, असे कोणी समजू नये. मालवणी मसाल्यातील मिरची मूळची अमेरिका खंडातील. पोर्तुगीजांच्या काळात ती भारतात आली. लवंग आणि जायफळ ही मूळची आजच्या इंडोनेशियातील मलुकू बेटांची. त्या देशातील लोकांनाही भात व नारळ प्रिय आहेत, आणि तेथील घरांतूनही दगडावर मसाला वाटण्याची जुनी चाल आहे. सुमात्रा बेटावरील मिनांगकाबाऊ लोक ‘रेंदांग’ नावाचा पदार्थ करतात. त्यासाठी नारळाच्या दुधात मांस मंद आचेवर कित्येक तास शिजवतात. दूध आटून तेल सुटेपर्यंत आणि मसाला काळपट होईपर्यंत स्वयंपाकी चुलीपासून हलत नाही. आंच वाढवली तर काम लवकर उरकेल, पण तो पदार्थ रेंदांग राहणार नाही.

मसुऱ्याची चूल आणि सुमात्रातील चूल यांच्यामध्ये अथांग समुद्र पसरलेला आहे. परंतु दोन्हींचा धर्म एकच. जिन्नस कोठूनही येवोत, त्यांना पुरेसा वेळ देणे आणि ठरलेली रीत न मोडणे, यातच अस्सलपणा असतो.

ही रीत बहुधा कोणी लिहून ठेवलेली नसते. आई रांधते आणि मुले पाहतात. पीठ किती भरड, खोबरे किती तांबूस, हे पाहून पाहूनच कळते. एका पिढीने कंटाळून एखादी पायरी गाळली, तर पुढच्या पिढीला ती पायरी होती हेही ठाऊक राहत नाही. हरवलेली वस्तू शोधता येते. पण विसरलेली चव कोण शोधणार? म्हणून घरात चुलीपाशी कोणी एकाग्रतेने काम करत असेल, तेव्हा क्षणभर थांबून नीट पाहावे. तेथे केवळ जेवण तयार होत नसते. शेकडो वर्षांचे ज्ञानही एका हातातून दुसऱ्या हाती जात असते.