याचिका मागे घेतली, म्हणजे हरलो का?

मंडळी, न्यायालयाच्या आदेशात कधीकधी एवढंच लिहिलेलं असतं : ‘याचिका मागे घेतल्यामुळे निकाली.’ गावात मात्र लगेच बोललं जातं, ‘माघार घेतली, म्हणजे चूक कबूल केली.’ प्रश्न सोडणं आणि समोरच्याचं उत्तर मान्य करणं या दोन वेगळ्या क्रिया आहेत. तो फरक आज आपण पाहू.

उदाहरण आपल्याच पट्ट्याच्या ओळखीचं घेऊ. बारामतीत माळेगाव, सोमेश्वर. इंदापुरात भवानीनगरचा छत्रपती, कर्मयोगी, नीरा-भीमा. सहकारी साखर कारखानदारीचा आयकराशी जुना वाद. किमान दराहून जादा दिलेला ऊसदर हा खर्च, असं कारखाने म्हणत. ही सभासदांना केलेली नफावाटणी, असं खातं म्हणे. तासगाव कारखान्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१९ मध्ये सांगितलं, की जादा दरात नफ्याचा जेवढा अंश तेवढी वाटणी, बाकीचा खर्च. पुढे २०२३ च्या अर्थसंकल्पाने २०१६-१७ या करनिर्धारण वर्षाच्या आधीच्या रकमाही खर्चात धरून घेण्याची संधी दिली. सुमारे १०,००० कोटींचा दिलासा त्यातून अपेक्षित होता.

आता समजा, अशा वादात एखाद्या कारखान्याने आयुक्तांकडे अपील केलं आणि त्याच आदेशावर उच्च न्यायालयात रिट याचिकाही घातली. न्यायालय पहिल्यांदा काय विचारणार? अपिलाची वाट असताना इथं का आलात? मग वकील याचिका मागे घेतात. कराचा मुद्दा यात ठरतच नाही. अपील जिवंत असतं, सगळं म्हणणं तिथं मांडता येतं.

पण माघारीला किंमत असते, बरं का. याचिकेत वसुलीला अंतरिम स्थगिती मिळाली असेल, तर ती याचिकेबरोबर संपते. आणि नुसतं अपील दाखल असल्याने वसुली थांबत नाही. तिथं स्थगिती वेगळी मागावी लागते. दुसरं, सरगुजा ट्रान्सपोर्टच्या १९८६ च्या निकालानुसार, मुभा न घेता मागे घेतलेली रिट त्याच कारणासाठी पुन्हा घालता येत नाही. इतर कायदेशीर वाटा बंद होत नाहीत. म्हणून ‘पुन्हा दाद मागण्याची मुभा राखून’ हे शब्द आदेशात यायला हवेत. अपील केलेलंच नसेल, तर तीस दिवसांची मुदत आणि विलंबमाफीही पाहावी लागते.

आणि अपील मागे घ्यायचं झालं तर? चमारिया प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६७ मध्ये म्हटलं, की आयकराचं अपील एकदा केलं की करदात्याला ते आपल्या मर्जीने मागे घेता येत नाही. कारण अपिलात कर वाढूही शकतो. त्याआधी नोटीस द्यावी लागते, एवढंच. याचिका ही आपली तक्रार असते. अपिलात मात्र खरा कर किती, हे ठरायचं असतं, आणि त्यात समाजाचाही वाटा आहे. कायद्याने स्वतःच वाट दिली तर गोष्ट वेगळी. २०२० च्या ‘विवाद से विश्वास’ कायद्यात प्रमाणपत्र मिळालं की आयुक्त व न्यायाधिकरणापुढचं अपील मागे घेतलं असं धरलं जाई. रिट मात्र स्वतः मागे घेऊन पुरावा द्यावा लागे.

तेव्हा वार्षिक सभेत ‘हरलो का?’ असं विचारण्यापेक्षा सभासदांनी तीन गोष्टी विचाराव्यात : अपील चालू आहे का, मुभा घेतली का, वसुलीला स्थगिती आहे का? उसाचा पैसा या तीन उत्तरांवर अवलंबून आहे.