देवराईचें शास्त्र

भोरहून महाडकडे जातांना वरंध घाटांत वाघजाईचें देऊळ लागतें. वाघाच्या नांवानें देवी पुजणारे लोक अडाणी होत, असें शिकलेल्या माणसास सहज वाटतें. परंतु अशा श्रद्धांच्या मुळाशीं कांहीं व्यवहारज्ञान आहे काय, हा प्रश्न माधव गाडगीळ यांनीं शास्त्रज्ञाच्या शिस्तीनें विचारला आणि सह्याद्रीच्या रानांत हिंडून त्याचें उत्तर शोधलें.

गाडगीळ यांचा जन्म १९४२ सालचा. अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ हे त्यांचे वडील. समाजशास्त्रज्ञ इरावती कर्वे यांच्या विचारांचा संस्कारहि त्यांच्यावर लहानपणींच झाला. हार्वर्ड येथें उच्च शिक्षण घेऊन परतल्यावर त्यांनीं वनस्पतिशास्त्रज्ञ वर्तक यांच्यासह देवरायांचा अभ्यास आरंभिला. त्याचा निबंध १९७६ सालीं प्रसिद्ध झाला.

देवराई म्हणजे देवाच्या नांवानें राखलेलें रान. तेथें कुऱ्हाड चालत नाहीं. पुष्कळ ठिकाणीं वाळकी काटकीहि कोणी उचलीत नाहीं. भोंवतालचे डोंगर बोडके झाले तरी राईंत जुने वृक्ष व गारंबीसारख्या प्रचंड वेली टिकून राहतात. श्रीवर्धन तालुक्यांतील गाणी गांवची राई तोडण्याचें ठरलें, तेव्हां गांवकऱ्यांनीं तिच्या रक्षणासाठीं या अभ्यासकांना पत्र धाडलें. गांवचा ओढा त्याच राईंतून उगम पावत होता. देवाचा धाक आणि पाण्याची गरज हीं येथें एकाच नियमाचीं दोन अंगें होतीं. राई वांचली.

ही रीत केवळ कोंकणची नव्हे. जपानांत शिंतो देवळांभोंवतीं रानें राखलेलीं आढळतात. चीनच्या युनान प्रांतांतील दाई लोकांच्या पवित्र टेकड्याहि तशाच. जें सर्वांचें आहे तें राखण्यासाठीं आशियांतील समाजांनीं घालून घेतलेलें हें बंधन होय.

मग रानें उजाड कां झालीं? रामचंद्र गुहा यांच्यासह १९९२ सालीं लिहिलेल्या ‘धिस फिशर्ड लँड’ या ग्रंथांत गाडगीळ यांनीं याचा विचार केला आहे. १८७८ च्या कायद्यानें इंग्रज सरकारनें विस्तीर्ण रानें राखीव करून गांवांचे हक्क आटोपते घेतले. ज्यावर आपला हक्क उरला नाहीं, त्याची राखण कोण करणार? हक्क गेला, तशी आस्थाहि ओसरली.

म्हणूनच २०११ सालीं पश्चिम घाटाविषयींच्या समितीचे अध्यक्ष या नात्यानें अहवाल देतांना, डोंगरांत काय व्हावें याचा विचार ग्रामसभांपासून सुरू व्हावा, असा आग्रह त्यांनीं धरला. पुष्कळांनीं त्या अहवालास विकासाचा शत्रु ठरविलें, आणि तो जसाच्या तसा स्वीकारला गेला नाहीं.

२२ जुलै २०२१ रोजीं महाड तालुक्यांतील तळिये येथें दरड कोसळून ऐंशींहून अधिक माणसें मृत्यु पावलीं. तशा अतिवृष्टीपुढें प्रत्येक उतार राईनें सांवरलाच असता, असें म्हणणें शास्त्राला धरून होणार नाहीं. परंतु डोंगराविषयींचा निर्णय दूर कोठें तरी होतो, आणि दरड मात्र पायथ्याच्या घरावर येते, ही विसंगति उरतेच. ज्यांचा जीव डोंगराशीं बांधलेला आहे, त्यांचा शब्दहि त्या निर्णयांत असावा, हेंच गाडगीळ यांच्या लेखनाचें सार होय.