बडतर्फीनंतरचे नव्वद दिवस

साखर कारखाना, जिल्हा बँक, दूध संघ, पतसंस्था. ग्रामीण महाराष्ट्रात महिन्याच्या पगाराची नोकरी म्हटली की बहुधा यांतलीच. तिथून काढलेला माणूस पहिल्यांदा धाव घेतो ती सहाय्यक निबंधकांकडे, म्हणजे ‘एआर’कडे. संस्था नोंदवतात ते, लेखापरीक्षणाचा अहवाल जातो त्यांच्याकडे, संचालकही त्यांनाच वचकून असतात. मग आपली नोकरीही तेच परत देतील, असं त्याला वाटतं. पण बडतर्फ कामगाराला कामावर घ्या, असा आदेश देण्याचा अधिकार त्यांना नाही. अर्जावर पोच मिळते आणि दिवस निघून जातात.

दुसरा चुकीचा रस्ता सहकार न्यायालयाचा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 91 खाली संस्थेचं व्यवस्थापन आणि कामकाज यांविषयीचे वाद तिथे चालतात, हे खरं. मात्र त्याच कलमाच्या परंतुकाने औद्योगिक विवाद वगळले आहेत. आंध्र प्रदेशातल्या सहकारी बँकांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1969 मध्येच सांगितलं होतं की सेवाशर्तींचा वाद हा निबंधकांपुढचा विषय नव्हे. आणि संस्थेच्या उपविधींना कायद्याचं बळही नसतं. उपविधीतल्या एका कलमावर सगळी भिस्त ठेवणाऱ्यांनी हे दुसरं वाक्य जरूर लक्षात घ्यावं.

खरा रस्ता कामगार न्यायालयाचा. त्यासाठी आपल्या राज्याकडे 1971 चा कायदा आहे. वकील त्याला ‘एमआरटीयू अँड पल्प’ म्हणतात. त्याच्या चौथ्या अनुसूचीतली पहिलीच बाब बडतर्फीची. सूडबुद्धीने काढणं, धडधडीत खोटी कारणं देणं, नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवून घाईघाईत चौकशी उरकणं, किरकोळ गैरवर्तनाला भलतीच मोठी शिक्षा देणं, हे सगळं तिथे अनुचित कामगार प्रथा ठरतं. खटला चालू असतानाच अंतरिम आदेश मागता येतो. मुदत मात्र 90 दिवसांची. सबळ कारण दाखवलं तर उशीर माफ होऊ शकतो, पण ‘चेअरमन साहेब बघू म्हणाले होते’ हे कारण कितपत टिकेल, याची मला शंका आहे.

मुदत हुकली तरी सगळं संपत नाही. समेट अधिकाऱ्यामार्फत औद्योगिक विवादाचा मार्ग उरतो. 21 नोव्हेंबर 2025 पासून औद्योगिक संबंध संहिता, 2020 लागू झाली आहे. समेटासाठी अर्ज केल्यानंतर 45 दिवसांत काही झालं नाही, तर कामगार स्वतः न्यायाधिकरणाकडे जाऊ शकतो. त्यासाठी पूर्वी बडतर्फीपासून तीन वर्षं होती, आता दोनच आहेत.

खटल्याचा जीव असतो खात्यांतर्गत चौकशीच्या कागदांत. आरोपपत्रात ‘रोख कमी आढळली’ एवढंच असतं. तारीख नाही, रक्कम नाही. रोजकीर्द आणि व्हाउचरं संस्थेच्या कपाटात, त्यांच्या प्रती मागितल्या तर मिळत नाहीत. साक्षीदाराला प्रश्न विचारू न देता रोजनाम्यावर सही घेतली जाते. कर्मचाऱ्याने तिथल्या तिथे सहीशेजारी ‘उलटतपासणीची संधी दिली नाही’ असं लिहिलं, तर ती एक ओळ पुढे फार कामी येते. कागदपत्रं मागितल्याच्या अर्जाची पोचही जपून ठेवावी.

आता ज्यांची सर्वांत ओढाताण होते त्यांच्याविषयी. कायदा ‘कामगारा’ला संरक्षण देतो, व्यवस्थापकाला नाही. छोट्या पतसंस्थेतला ‘शाखा व्यवस्थापक’ प्रत्यक्षात स्वतःच खतावणी लिहितो, स्वतःच रोख मोजतो. न्यायालय हुद्द्यापेक्षा मुख्य काम काय होतं ते बघतं, म्हणून अशा माणसाने कामाचे पुरावे जमवावेत. खरोखरच्या व्यवस्थापकाला बहुतेक वेळा दिवाणी न्यायालयात नुकसानभरपाईच मागता येते. नोकरी परत मिळणं दुरापास्त. थेट उच्च न्यायालयात रिट करू म्हणावं, तर 2006 मध्ये हिमाचलमधल्या कांगडा सेंट्रल को-ऑपरेटिव्ह बँकेच्या बडतर्फ शाखा व्यवस्थापकाचं रिट सर्वोच्च न्यायालयाने चालवण्यायोग्य मानलं नव्हतं. ही मोठी उणीव आहे, आणि ती कायदा करूनच भरून काढली पाहिजे.

थकीत पगाराचं दावेदारांच्या लक्षात राहत नाही. औरंगाबादच्या एका शिक्षिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये म्हटलं की बडतर्फी बेकायदा ठरली तर मागचा पगार देणं हा सर्वसाधारण नियम आहे. मात्र मधल्या काळात दुसरी कमाई नव्हती, हे कर्मचाऱ्याने आधी सांगितलं पाहिजे. ते वाक्य तक्रारअर्जातच असू द्या.

तुमच्या ओळखीत कोणाच्या हाती असा हुकूम पडला असेल, तर त्याला आधी हुकुमाची तारीख विचारा आणि नव्वद दिवस संपण्याआधी कामगार न्यायालयातल्या वकिलाकडे घेऊन जा.