भिंती खोट्या, अंगण खरे

सिनेमाच्या धंद्यात आहे म्हटले, की आमच्या आखाडा बाळापूरची मंडळी पहिला प्रश्न विचारतात, ‘नट्या किती पाहिल्यास?’ आता यांना कसे सांगावे, की मी जन्मभर पाहिल्या त्या भिंती!

कलादिग्दर्शकाच्या हाताखाली मी जागा शोधतो. ऊन कोणत्या खिडकीतून केव्हा येते, जनरेटरची गाडी गल्लीत वळेल काय, शेजारी पिठाची गिरणी तर नाही ना, हे सारे पाहायचे. जागा मिळालीच नाही, तर बांबू, प्लायवूड आणि प्लास्टर लावून उभी करायची. पडद्यावरच्या दगडी भिंतीला टेकायला जाल, तर भिंतीसकट कोसळाल!

ही विद्या आपल्याकडे जुनी आहे. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर मुळात चित्रकार. १९२५ साली त्यांनी ‘सावकारी पाश’ काढला, त्यात शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. बाबूरावांच्याच तालमीतले साहेबमामा फत्तेलाल. १९३६ चा ‘संत तुकाराम’ त्यांनी दामल्यांच्या जोडीने दिग्दर्शित केला. तुकोबांच्या घरातले दारिद्र्य पाहताना हे कोणी मांडलेले आहे असे मनातही येत नाही. अलीकडच्या काळात नितीन चंद्रकांत देसाईंनी ‘लगान’साठी कच्छमध्ये भुजजवळ अख्खे खेडे उभारले आणि राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. २०२३ साली ते गेले.

मला मात्र तयार खेडे हवे होते, आणि दुर्बुद्धी अशी की मी आमचेच सुचवले. गावातल्या एका मामांचे घर पसंत पडले. ऐसपैस अंगण, जुना सागवानी दरवाजा. ‘मामा, चारच दिवस,’ मी म्हटले. मामा म्हणाले, ‘तुझ्या शब्दावर देतो.’

दिवस हळदीचे होते. आमच्या हिंगोली भागात हळद म्हणजे वर्षाचे पोट. काढलेली हळद वेळेवर शिजवावी लागते, मग उन्हात दोन आठवडे वाळवायची. त्यासाठीच ते अंगण. चाराचे अकरा दिवस झाले. नायिकेला ताप आला, मग आभाळ आले. अंगणात खोटी विहीर उभी आणि कोपऱ्यात ओल्या हळदीचा ढीग तापू लागलेला! मामा दाराशी येऊन म्हणाले, ‘पोरा, तुझी विहीर तर झाली, माझी हळद कुठं टाकू?’

निर्मात्याने भरपाईचे कबूल केले, पण मुंबईला पोचल्यावर फोन उचलणे बंद केले. ढिगातली बरीच हळद कुजली होती. मी माझ्या मेहनतान्यातून जमेल तेवढे दिले. मामांनी मोजले नाही, आणि मला ‘बस’ही म्हटले नाही. ते जास्त लागले.

तेव्हापासून कोठल्याही गावी मी आधी विचारतो, पीक कोणते आणि अंगण केव्हा लागते. दिवस लेखी ठरवतो, आगाऊ रक्कम घरमालकाच्या हातात पडल्याखेरीज खिळा ठोकू देत नाही. दिग्दर्शक मला खडूस म्हणतात. म्हणोत बापडे!

गेल्या दिवाळीला भीतभीतच मामांकडे गेलो. त्यांनी मला आपादमस्तक न्याहाळले.

‘औंदा शिनेमा आणलास का?’

‘नाही, मामा.’

‘मग ये, चहा घे.’