रक्त काढायला चालतो, द्यायला चालत नाही! समलिंगी पुरुषांबाबतचा नियम नेमका काय?

निपाणी : हर्षवर्धन कुलकर्णी यांचा 'बधाई दो' (२०२२) अनेकांनी हसत हसत पाहिला. त्यात समलिंगी पोलीस आणि समलिंगी शिक्षिका घरच्यांना गप्प करण्यासाठी लग्न करतात. शिक्षिकेची जोडीदार रिमझिम लॅबमध्ये कामाला. पेशंट तिच्यापुढे बिनधास्त हात करतो, पण तिचं नातं मात्र लपवावं लागतं. सिनेमातला टोमणा हाच.

रिमझिमच्या जागी पुरुष असता, तर आणखी एक अडचण आली असती. आपल्याकडे गणेशोत्सव, शिवजयंतीला मंडळांचं रक्तदान शिबिर ठरलेलं. तिथं समलिंगी टेक्निशियन दिवसभर लोकांचं रक्त काढू शकतो. स्वतः एक बाटली द्यायची म्हटलं, तर चालत नाही.

नियम काय?

राष्ट्रीय रक्त संक्रमण परिषदेच्या २०१७ च्या मार्गदर्शक तत्त्वांत पुरुषांशी संबंध ठेवणारे पुरुष, तृतीयपंथी आणि देहविक्रय करणाऱ्या महिला यांना एचआयव्हीचा धोका असलेला गट मानून रक्तदानापासून कायमचं वगळलं आहे. नियम केंद्राचा. त्यामुळे कोगनोळी टोलनाक्याच्या अलीकडे बेळगाव असो की पलीकडे कोल्हापूर, फरक नाही.

दोन्ही बाजू

केंद्राचं म्हणणं, रक्त घेणाऱ्याची सुरक्षितता आधी. लागण नवी असेल तर सुरुवातीचे काही दिवस ती चाचणीत सापडत नाही, हेही खरं.

पण हा धोका कुणाच्याही रक्ताला आहे. म्हणून तर प्रत्येक बाटलीची एचआयव्ही, कावीळ बी आणि सी, सिफिलीस, मलेरिया अशी तपासणी सक्तीची आहे. ब्रिटनने २०२१ मध्ये आणि अमेरिकेने २०२३ मध्ये 'तुम्ही कोण' हे सोडून 'अलीकडे जोखमीचे संबंध आले का' हा प्रश्न सगळ्यांनाच विचारायला सुरुवात केली.

आपल्या नियमाला २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयात आव्हान मिळालं. मे २०२५ मध्ये न्यायालयाने केंद्राला तज्ज्ञांचं मत घ्यायला सांगितलं.

समलिंगी संबंध २०१८ पासून गुन्हा नाहीत. तरी शिबिरात सगळा स्टाफ रक्त देतो, तेव्हा त्या टेक्निशियनने काय करायचं? फॉर्मवर खोटं लिहायचं, नाहीतर 'आज बीपी लो आहे' म्हणून बाजूला सरायचं. खरं बोललं, तर उद्या दवाखान्यात चर्चा.