विश्लेषण : कुकडीच्या काठी सुमात्राची राख कशी आली? तिच्या वयाचा वाद का मिटत नाही?

अष्टविनायक यात्रेत ओझरला कुकडी लागते, तर मोरगावला कऱ्हा. या दोन्ही नद्यांच्या जुन्या गाळात एक वेगळाच थर सापडतो. रंगाने पांढुरका, हाताला पिठासारखा. ही ज्वालामुखीची राख आहे आणि ती आली आहे सुमारे ३,२०० किलोमीटरवरच्या इंडोनेशियातून. कुकडीकाठच्या बोरी (ता. जुन्नर, जि. पुणे) येथील राख तीन दशकांहून अधिक काळ अभ्यासकांच्या चर्चेत आहे. कारण या भागात आदिमानव केव्हा वावरत होता, हे तिच्या वयावरून ठरू शकते.

ही राख सह्याद्रीतील कशावरून नाही?

दख्खनचा काळा पाषाणही ज्वालामुखीतूनच तयार झाला. पण ते उद्रेक साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचे. शिवाय आपल्या बेसाल्टमध्ये सिलिकाचे प्रमाण साधारण निम्मे असते, तर या राखेत ते ७० टक्क्यांहून अधिक आहे. सूक्ष्मदर्शकाखाली तिच्यात काचेचे बाकदार तुकडे दिसतात. उद्रेकाच्या वेळी शिलारसातील वायूचे बुडबुडे फुटले, त्यांचे हे अवशेष. या काचेची रासायनिक घडण सुमात्रा बेटावरील टोबा ज्वालामुखीशी जुळते. अशा राखेला भूशास्त्रात ‘टेफ्रा’ म्हणतात.

टोबाचा उद्रेक किती मोठा होता?

सुमारे ७४ हजार वर्षांपूर्वीच्या उद्रेकात किमान २,८०० घन किलोमीटर शिलारस बाहेर पडला, असा एक प्रचलित अंदाज आहे. जमीन खचून तयार झालेल्या खड्ड्यात आज १०० किलोमीटर लांब आणि ३० किलोमीटर रुंद सरोवर आहे. मात्र टोबाचा हा पहिला मोठा उद्रेक नव्हता. साधारण पाच लाख आणि आठ लाख वर्षांपूर्वीही तेथे मोठे उद्रेक झाले होते. बोरीच्या वादाचे मूळ इथेच आहे. राख टोबाची, पण कोणत्या उद्रेकाची?

ती नदीच्या गाळातच का टिकली?

आकाशातून पडलेला राखेचा थर पातळ होता. उघड्या माळावरची राख वाऱ्यापावसाने निघून गेली. उतारांवरून वाहिलेली राख मात्र नद्यांनी सखल जागी आणून साठवली आणि त्यावर गाळ बसला. त्यामुळे नदीकाठी हा थर मूळच्यापेक्षा जाड मिळतो. पण राख वाहून येताना तिच्यात इतर मातीचे, जुन्या खडकांचे कणही मिसळतात.

वय कसे मोजतात आणि वाद कशाचा?

पोटॅशियमच्या एका किरणोत्सारी प्रकाराचे अतिशय संथ गतीने आरगॉन वायूत रूपांतर होते. शिलारस तापलेला असताना आरगॉन निसटतो आणि तो थंड झाल्यावर पुन्हा साठू लागतो. म्हणजे घड्याळ शून्यापासून सुरू होते. साठलेला आरगॉन मोजला की वय कळते. नमुन्यात जुने कण मिसळलेले असतील, तर मात्र वय फुगून येते.

बोरीच्या राखेचे वय १९८०च्या दशकाच्या अखेरीस सुमारे १४ लाख वर्षे काढण्यात आले. १९९५ मध्ये सुधारित पद्धतीने ते ६.७ लाख वर्षे आले. काही संशोधकांनी रासायनिक घडणीवरून ही राख ७४ हजार वर्षांपूर्वीच्याच उद्रेकाची असल्याचे म्हटले. २०११ मधील एका अभ्यासाने बोरी आणि मोरगावची राख पुन्हा सात ते आठ लाख वर्षांच्या आसपास नेली.

त्याने फरक काय पडतो?

बोरीला या राखेशी निगडित खडी-गाळात दगडी हातकुऱ्हाडींसारखी अश्युलियन हत्यारे मिळाली आहेत. राख सात-आठ लाख वर्षांची असेल, तर ही हत्यारे आधुनिक मानवाच्या उदयाच्या फार आधीची ठरतात. ती ७४ हजार वर्षांची असेल, तर दोन शक्यता उरतात. जुनी हत्यारे नदीने वाहून आणून नव्या गाळात मिसळली, किंवा ती घडवण्याची परंपरा इथे बराच काळ टिकून होती.

आंध्र प्रदेशातील ज्वालापुरम् येथे टोबाच्या राखेच्या खाली आणि वर, दोन्हीकडे दगडी हत्यारे मिळाली. मध्य प्रदेशातील सोन खोऱ्यात धाबा येथे या उद्रेकाच्या आधी आणि नंतरही माणसाचा वावर सुरू होता, असे २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात दिसले. टोबाने भारतातील माणूस संपवला, ही समजूत या पुराव्यांनी कमकुवत केली.

मग धोका कसला?

ज्वालापुरम् येथे हीच राख भांडी घासण्याच्या पावडरसारख्या वापरासाठी खणून काढली गेली. बोरी-मोरगावसारख्या ठिकाणीही वाळूउपसा, विहिरींचे खोदकाम किंवा जमीन सपाटीकरण यांतून असा थर सहज नाहीसा होऊ शकतो. राखेखाली काय होते आणि वर काय होते, यावरच सगळा हिशेब चालतो. थर जागेवर असेल, तर उद्या अधिक अचूक उपकरणांनी वय पुन्हा मोजता येईल. एकदा तो उकरला, की हातात नुसती पावडर राहील आणि बोरीचा वाद कायमचा अनिर्णीत.